पुस्तकाच्या नावावरून विशेषण : इंग्रजीत ढीगभर, मराठीत एकतरी?

गिरणाकाठ
राम राम मंडळी.

आखाजीला भाची आली होती. पुण्यात इंग्रजी घेऊन एम.ए. करते. दुपारी मांडे आणि आमरस झाल्यावर सगळे ओसरीवर आडवे पडलेले, आणि मी गल्लीतल्या आप्पांचं सांगत होतो. आप्पा सत्तरीचे, रोज सकाळी एकटेच टोपली घेऊन नाला साफ करायला जातात. गाव दुसऱ्या दिवशी परत भरून ठेवतं. भाची डोळे मिटूनच म्हणाली, "मामा, फारच क्विक्झॉटिक आहेत तुमचे आप्पा."

शब्द कानावरून गेलेला होता, उगम माहीत नव्हता. मग तिने सर्व्हान्तेस या स्पॅनिश लेखकाची 'डॉन क्विक्झॉट' ही दोन भागांतली कादंबरी (१६०५ आणि १६१५) थोडक्यात सांगितली. पवनचक्क्यांना राक्षस समजून भाला घेऊन धावणारा म्हातारा. आप्पांना अगदी चपखल. तेव्हापासून हा किडा डोक्यात आहे. जिनिंगच्या पावतीमागे यादी केली आहे : क्विक्झॉटिक, युटोपियन, गार्गॅन्च्युअन, पिकविकियन.

प्रश्न दोन.
एक, यात आणखी भर घाला. पण लेखकाच्या नावावरून झालेली नकोत. ऑर्वेलियन, काफ्काएस्क, डिकन्सियन बाद. कलाकृतीच्या नावावरूनच हवं.
दोन, आपल्या मराठीत असं एकतरी विशेषण आहे का? भाची म्हणते नाही. मला तिला खोटं पाडायचं आहे.

भरीतवाला
आप्पांना नमस्कार सांगा. बाकी ते सर्व्हान्तेसचं म्हातारं आज साक्री तालुक्यात आलं असतं तर ब्राह्मणवेलच्या पठारावर त्याचा घोडा दमून मेला असता. एवढ्या पवनचक्क्या त्याने स्पेनमध्ये स्वप्नातही पाहिल्या नसतील.

तापीची पोर
पहिला आक्षेप माझा. तुमच्या यादीतला एकही शब्द तुमच्याच नियमात बसत नाही. क्विक्झॉटिक पुस्तकावरून आला की माणसावरून? गार्गांतुआ हे राब्ले या फ्रेंच लेखकाच्या खादाड राक्षसाचं नाव, पुस्तक १५३४ चं. युटोपिया हे थॉमस मोरच्या काल्पनिक आदर्श बेटाचं नाव. पिकविक तर सरळ सरळ गृहस्थ. नायकाचं नाव पुस्तकाला दिलं म्हणून विशेषण पुस्तकाचं होत नाही. असं असेल तर बापाच्या नावावरचा सातबारा घरालाच बाप म्हणू लागेल.

ता.क. मूळ स्पॅनिश उच्चार 'किहोते'. इंग्रजांनी विशेषण करताना त्याचं 'क्विक्झॉटिक' केलं.

गिरणाकाठ
@तापीची पोर, मान्य. पण मग शिल्लक काय राहतं?

भुसावळ जंक्शन
फ्रँकेन्स्टाइन घ्या की. १८१८ ची कादंबरी. फ्रँकेन्स्टाइन हे राक्षस बनवणाऱ्याचं नाव, राक्षसाला नावच नाही. पण लोक राक्षसालाच फ्रँकेन्स्टाइन म्हणतात. म्हणजे मुखपृष्ठावरचं नाव आत शिरून भलत्याच माणसाला चिकटलं. हे नियमात बसतं का?

तापीची पोर
अर्धं.

रात्रपाळीचा डॉक्टर
पिकविकचं मला बोलू द्या, कारण तो शब्द आमच्या खात्यात आहे.

डिकन्सची 'पिकविक पेपर्स' ही कथामाला १८३६-३७ मध्ये हप्त्याहप्त्याने आली. तीत जो नावाचा एक लठ्ठ पोऱ्या आहे. वार्डल नावाच्या गृहस्थाकडे कामाला असतो. दार ठोठावताना झोपतो, वाढताना झोपतो, उभ्याउभ्या घोरतो. १९५६ मध्ये काही डॉक्टरांनी एक रुग्ण नोंदवला. अतिशय लठ्ठपणा, त्यामुळे श्वास उथळ, रक्तात कार्बन डायऑक्साइड साचतो आणि माणूस दिवसाढवळ्या पेंगतो. त्यांनी नाव दिलं पिकविकियन सिंड्रोम.

आता बघा, झोपतो कोण? जो. पिकविकसाहेब टुणटुणीत जागे असतात. तरी विशेषण 'जोइयन' झालं नाही, पिकविकियन झालं. म्हणजे इथे पिकविक हे माणसाचं नाव राहिलेलंच नाही, ते पुस्तकाचं नाव आहे. तापीताई, हे तरी पूर्ण धराल?

असाच दुसरा, अ‍ॅलिस इन वंडरलँड सिंड्रोम. जॉन टॉड या मानसोपचारतज्ज्ञाने १९५५ मध्ये ठेवलेलं नाव. रुग्णाला आपला हात मोठा होतोय, खोली लहान होतेय असं वाटतं. इथे तर अख्खं शीर्षकच विशेषणासारखं पुढे जोडलं आहे.

तापीची पोर
डॉक्टर, पूर्ण धरलं. हे मला माहीत नव्हतं.

भरीतवाला
बठ्ठं समजनं भो. आमच्याकडे या आजाराला डिसेंबर म्हणतात. बामणोदची वांगी कपाशीच्या काड्यांवर भाजायची, वर शेंगदाणे, कांद्याची पात, कळण्याची भाकरी. तिसऱ्या भाकरीनंतर प्रत्येक जण जो.

खापरावरचे मांडे
@भरीतवाला, तुमच्या भरीत पार्टीला गार्गॅन्च्युअन म्हणायला हरकत नाही. तो गार्गांतुआ सॅलडच्या पानांबरोबर सहा यात्रेकरू तोंडात टाकतो. तुमच्याकडे पाहुणे मोजून घरी जातात ना?

संपादक
भरिताची पाककृती पाककला विभागात. इथे विशेषणं.

पिंपळगावकर
मराठीत कसं नाही? तळीराम! गडकऱ्यांच्या 'एकच प्याला'तला. पेपरात दर एकतीस डिसेंबरला मथळा असतो, 'तळीरामांवर कारवाई'. बातमी लिहिणाऱ्या अर्ध्या पोरांना नाटक माहीत नसेल.
शिवाय कुंभकर्णी झोप, शकुनीमामा, कळीचा नारद, भगीरथ प्रयत्न, भीष्मप्रतिज्ञा. हवी तेवढी घ्या.

गिरणाकाठ
पिंपळगावकर, सगळी पात्रं आहेत हो. मला पुस्तक हवं.

पिंपळगावकर
मग शारदा कायदा! देवलांच्या 'शारदा' नाटकावरून बालविवाहाविरुद्ध कायदा झाला, त्याला नाटकाचं नाव.

भुसावळ जंक्शन
नाही. तो कायदा १९२९ चा, हरबिलास सारडा यांच्या नावाने सारडा कायदा. देवलांचं नाटक १८९९ चं. जरठ-बाला विवाहावरचं नाटक मराठी माणसाच्या डोक्यात आधीच पक्कं बसलेलं, त्यामुळे सारडाची शारदा झाली. माझे आजोबाही शारदाच म्हणायचे.

पिंपळगावकर
घ्या. पन्नास वर्षं चुकीचं सांगत होतो.

अमळनेरची सून
आमच्या अमळनेरला तर एक पुस्तक घराघरात शिवीसारखं वापरलं जातं, आणि तेही प्रेमाने. मुलाला 'नको' म्हणताना माझा आवाज जरा मऊ झाला की नवरा म्हणतो, "झाली श्यामची आई सुरू." सासूबाई त्याच्याही पुढे, त्या 'श्यामच्याआईपणा' म्हणतात. "फार श्यामच्याआईपणा करू नको, एक ठेवून दे."

गुरुजी इथल्याच प्रताप हायस्कूलमध्ये शिकवायचे, वसतिगृह सांभाळायचे, पोरांची अंथरुणं स्वतः आवरायचे. पुस्तक त्यांनी नाशिकच्या तुरुंगात लिहिलं, १९३३ मध्ये, अवघ्या काही दिवसांत. आमच्या गावात १९५२ ला साहित्य संमेलन झालं, मग थेट २०२४ ला. त्या वेळी घरी उतरलेल्या पाहुण्यांना सासूबाईंनी हा शब्द ऐकवला तर एक बाई वहीत लिहून घेत होत्या.

विशेषण नाही, भाववाचक नाम आहे म्हणा. पण पुस्तकाच्या नावावरून आहे.

तापीची पोर
आईसुद्धा पात्रच की! (मारू नका.)

अमळनेरची सून
तिला त्या पुस्तकात कुणी 'श्यामची आई' म्हणून हाक मारत नाही, तिचं नाव यशोदा. ते पुस्तकाचंच नाव आहे. आता बोला.

तापीची पोर
हरले.

कपाशीतला कवी
आपल्या सांगवीच्या नेमाड्यांना कसे विसरलात? नेमाडपंथी हा शब्द आहेच. हेमाडपंती देवळावरचा श्लेष, त्यामुळे ऐकताच हसू येतं. पण तो लेखकावरून, म्हणून बाद. मात्र आमच्या हॉस्टेलला 'कोसलाछाप' हा शब्द होता. जो पोरगा बापाच्या पैशांवर वैतागलेला असे आणि दर वाक्यात 'उदाहरणार्थ' आणि 'वगैरे' घाली, तो कोसलाछाप. १९६३ ची कादंबरी, आम्ही १९९४ ला शिकत होतो, तरी खोलीगणिक एक सापडायचा. मी स्वतः दीड वर्ष होतो. वगैरे.

मॉलमधली मीरा
काका लोक, तुम्ही सगळे जुन्यात अडकलात. सध्या सर्वांत जास्त चालणारा शब्द गॅसलाइटिंग. पॅट्रिक हॅमिल्टनचं 'गॅस लाइट' नावाचं नाटक, १९३८. नवरा वरच्या मजल्यावर गुपचूप गॅसचे दिवे लावतो, त्यामुळे खालचे मंद होतात, आणि बायकोला मात्र पटवत राहतो की तुलाच भास होतात. १९४४ चा सिनेमाही गाजला. २०२२ मध्ये मेरियम-वेबस्टर या शब्दकोशाने तो वर्षाचा शब्द म्हणून निवडला. त्यात ना पात्राचं नाव, ना गावाचं. दिव्याचं! तापीताईंच्या चाळणीतूनही जाईल.

तापीची पोर
जातोय. शंभर टक्के. शाब्बास मीरा.

खापरावरचे मांडे
मीरा, याला आमच्या काळी 'डोळ्यात धूळफेक' म्हणायचे.

मॉलमधली मीरा
नाही काकू. धूळफेकीत समोरच्याला दिसत नाही. गॅसलाइटिंगमध्ये त्याला नीट दिसतं, पण आपल्या डोळ्यांवरचा विश्वास जातो. फरक मोठा आहे.

केळीबाग
मी रावेरकडचा. एरवी लिहीत नाही, पण कॅच-२२ कुणीच घेतला नाही म्हणून लिहितो. जोसेफ हेलरची १९६१ ची कादंबरी. आधी त्यात आकडा १८ होता. त्याच वर्षी लिऑन युरिसच्या पुस्तकाच्या नावातही १८ येत होता, म्हणून बदलून २२ केला. आज इंग्रजीत 'कॅच-२२ परिस्थिती' असं विशेषणासारखंच म्हणतात.

कादंबरीतला नियम असा. बॉम्बफेकी विमानातला सैनिक वेडा असेल तर त्याला उड्डाणातून सुटका मिळते, पण त्यासाठी अर्ज करायला हवा. अर्ज केला म्हणजे त्याला जिवाची काळजी आहे. काळजी आहे म्हणजे तो शहाणा. शहाणा आहे म्हणजे उडा.

आता माझं ऐका. दोन वर्षांपूर्वी जूनच्या तोंडाशी वादळ आलं. घड लागलेली साडेतीन हजार खोडं आडवी. सांगण्यात आलं, पंचनामा होईपर्यंत बागेला हात लावू नका. पाच दिवस गेले, आठ गेले. आडवी खोडं सडायला लागली, वास सुटला, त्यांच्याखाली पाणी साचून उभी राहिलेली झाडंही जाऊ लागली. दहाव्या दिवशी मी कंटाळून अर्धी बाग साफ केली. बाराव्या दिवशी साहेब आले. साफ केलेल्या भागाकडे बघून म्हणाले, "इथे नुकसान दिसत नाही." न साफ केलेल्या भागाकडे बघून म्हणाले, "यातलं बरंचसं वादळानंतर तुमच्या दुर्लक्षामुळे गेलेलं दिसतं." मी विचारलं, साहेब, मग मी काय करायला पाहिजे होतं? म्हणाले, "आम्हाला लवकर बोलवायचं." मी बारा दिवसांत नऊ वेळा गेलो होतो.

बायको म्हणते लिहून काढा, तुमचं आयुष्य कादंबरीमय आहे. मी म्हटलं आपल्या भागात लिहून काढण्यासारखं ज्याच्याकडे नाही, असा शेतकरी दाखव.

भरीतवाला
भाऊ, चेष्टा बाजूला. हे वाचून घास अडकला.

कपाशीतला कवी
याला मराठी शब्द आहे आणि तो आपल्या पिकाचाच आहे. कापूसकोंड्याची गोष्ट! "तुला कापूसकोंड्याची गोष्ट सांगू?" "सांग." "सांग काय म्हणतोस, तुला कापूसकोंड्याची गोष्ट सांगू?" तुम्ही काहीही उत्तर द्या, सुटका नाही. गोष्टीचं नावच गोष्ट, आत दुसरं काही नाही. अग्रलेखांतही वापरतात, अमुक प्रकल्पाची कापूसकोंड्याची गोष्ट म्हणून. पात्र आहे म्हणावं तर कापूसकोंड्या कुणी आजवर पाहिलेला नाही.

गिरणाकाठ
हे फार आवडलं. पण विशेषण?

कपाशीतला कवी
कापूसकोंडी कारभार. आजपासून.

निवृत्त मास्तर
धागा दोन दिवस वाचतो आहे. संस्कृत शिकवण्यात चौतीस वर्षं गेली, म्हणून थोडं लांबण लावतो.

गिरणाकाठ, तुम्हाला हवा तो प्रकार आपल्याकडे उलटा चालतो. इंग्रजीत आधी पुस्तक, मग त्याचं विशेषण. संस्कृतात पुष्कळदा विशेषणच पुस्तकाचं नाव होतं. पाणिनीचं सूत्र आहे, 'अधिकृत्य कृते ग्रन्थे' (४.३.८७). एखाद्या विषयाला धरून ग्रंथ रचला, तर त्या विषयाच्या नावाला प्रत्यय लावून ग्रंथाचं नाव करायचं. त्याच्या पुढचंच सूत्र 'ईय'चं. किरात आणि अर्जुन यांच्याविषयीचं भारवीचं काव्य ते 'किरातार्जुनीय'. शब्द आणि वाक्य यांच्याविषयीचं ते 'वाक्यपदीय'. भारवीच्या काव्याचं नाव मुळात विशेषण आहे, त्याला आणखी काय शेपूट लावणार?

मराठीपुरतं बोलायचं तर आपण विशेषण करण्यापेक्षा 'चा-ची-चे' लावतो. द्रौपदीची थाळी, लंकेची पार्वती, हरिश्चंद्राचा अवतार. इंग्रज ज्याला एका शब्दात कोंबतो ते आपण षष्ठीत बसवतो.

आणि तुमच्या नियमात काटेकोर बसणारं विशेषण इंग्रजीत हवं असेल तर 'वेदिक' आणि 'बिब्लिकल' घ्या. तिथे ना पात्र, ना लेखक, ना बेट. मराठीतही वैदिक आणि पौराणिक आहेतच. भाचीला सांगा.

भुसावळ जंक्शन
मास्तर, नमस्कार. पण वेद आणि पुराणं हा ग्रंथांचा वर्ग झाला, एका कृतीचं नाव नाही. धागा साहित्यकृतीचा आहे.

निवृत्त मास्तर
ऋग्वेदात साहित्य नाही असं म्हणणाऱ्याशी मी वाद घालत नाही. उषेची सूक्तं वाचा.

भुसावळ जंक्शन
तसं म्हणालो नाही मास्तर. वर्ग आणि कृती एवढाच मुद्दा.

खापरावरचे मांडे
मग रामायण आणि महाभारत? दोन्ही कृतींची नावं. "एवढं रामायण कशाला?", "घरात महाभारत झालं."

तापीची पोर
नामं आहेत, विशेषणं नाहीत. 'रामायणी' म्हणजे रामायण सांगणारा.

पिंपळगावकर
मला एक कळत नाही. नेमकं शोधायचं काय आहे? विशेषण की पुस्तक?

भरीतवाला
रात्रभर रामायण झालं, आणि सकाळी पिंपळगावकर विचारतात, रामाची सीता कोण.

वाचनमात्र
चार वर्षं इथे नुसती वाचते आहे. आज पहिल्यांदा लिहिते, चूक असेल तर सांभाळून घ्या.

उत्तर या धाग्यावर पहिल्या पोस्टपासून पडलेलं आहे. गिरणाकाठ यांनी सर्व्हान्तेसची 'कादंबरी' म्हटलं. भुसावळ जंक्शन, कपाशीतला कवी, केळीबाग, सगळ्यांनी तोच शब्द वापरला. तो बाणभट्टाच्या ग्रंथाचं नाव आहे. बाण सातव्या शतकातला, हर्षवर्धनाच्या दरबारी. 'कादंबरी' त्याच्या हातून पुरी झाली नाही, ती मुलाने पूर्ण केली. इंग्रजी 'नॉव्हेल'ला शब्द हवा होता तेव्हा मराठीने त्या एका पुस्तकाचं नाव उचलून अख्ख्या साहित्यप्रकाराला देऊन टाकलं. कानडीतही तसंच आहे. एका कृतीचं नाव साऱ्या जातीला, असं इंग्रजीत मला तरी आठवत नाही.

आणि विशेषण हवं आहे ना? केळीबाग यांच्या पत्नीने ते केव्हाच वापरलं आहे. कादंबरीमय.

गिरणाकाठ
...

पाच मिनिटं नुसता मोबाइलकडे बघत बसलो. तसंच भाचीला पाठवलं. तिचं उत्तर आलं, "मामा, हे मला नाही ना सुचलं!" आणि मागोमाग रडका चेहरा. माझ्या दृष्टीने आखाजी आज साजरी झाली.

निवृत्त मास्तर
वाचनमात्र, मी वर्गात बाण शिकवला आणि 'कादंबरी वाचा' असंही मुलांना हजारदा सांगितलं. दोन्ही एका जागी ठेवून पाहिले नाहीत. लिहीत राहा.

केळीबाग
बायकोला वाचून दाखवलं. ती म्हणे, त्या बाईंना सांगा, विशेषण माझं, पण अजून नुकसानभरपाई मिळालेली नाही.

तापीची पोर
सगळं खरं. पण बाणाच्या ग्रंथात कादंबरी हे नायिकेचं नाव आहे. माझा पहिला आक्षेप कायम.

भरीतवाला
आते कोन करी याना पंचनामा?